ग-२१४ वरचे मासे

"खोटा संदर्भ." बायकोने ऑनलाइन ज्ञानकोशात लिहिलेल्या लेखावर कुणीतरी हे दोन शब्द डकवले होते. सात दिवसांत लेख काढून टाकू, असंही खाली होतं. नळ फिटरने ते चारदा वाचलं. बायको जाऊन चार महिने झाले होते. उलट उत्तर द्यायला ती नाही, म्हणूनच यांना कंठ फुटला, असं त्याच्या मनात आलं.

वाचनालयात ग्रंथपाल म्हणून तिने एकतीस वर्षं काढली. जेवणाच्या सुट्टीत एका हाताने डबा खायची, दुसऱ्या हाताने ज्ञानकोश दुरुस्त करायची. ना पगार, ना नाव. फिटर चिडवायचा, या फुकटच्या नोकरीत बढती कधी? ती म्हणायची, "तुमच्या नळांवर तरी कोण तुमचं नाव कोरतं?"

हा लेख तीन टेलिफोन ऑपरेटर बायकांवर होता. गिरणीला आग लागली तेव्हा धुरात बसून त्या गावभर फोन लावत राहिल्या होत्या. आक्षेप घेणाऱ्याने स्वतःला 'लाल पेन्सिल' असं नाव दिलं होतं. त्याने लिहिलं होतं की वाचनालयात फोन करून खात्री केली. लेखिकेने संदर्भ म्हणून दिलेल्या ग-२१४ या कपाटाच्या क्रमांकावर मासे पाळण्याची पुस्तकं आहेत.

फिटर तडक वाचनालयात गेला. बायकोच्या खुर्चीवर आता नवी ग्रंथपाल होती. तिने शांतपणे सांगितलं की दोन महिन्यांपूर्वी सगळ्या कपाटांचे क्रमांक बदलले.

"मग फोनवर हे का नाही सांगितलंत?"

"काका, त्यांनी विचारलं ग-२१४ वर काय आहे. विचारलं तेवढं सांगितलं."

फिटरच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तुमच्या दोन शब्दांच्या आळसापायी माझी बायको खोटारडी ठरली, एवढं तो बोलला. आवाज चढवला नाही. वाचनालयात आवाज चढलेला तिला खपत नसे.

तळघरात तासभर धूळ खाल्ल्यावर आगीची बातमी असलेला वर्तमानपत्रांचा जाड खंड सापडला. पाठीवर तिच्याच अक्षरात चिठ्ठी: ग-२१४. त्याने वर्तमानपत्राचं नाव, तारीख, पान उतरवून घेतलं आणि वाचनालयाच्याच संगणकावर एका बोटाने टाइप केलं. खाली लिहिलं, 'कपाट हललं, बातमी हलली नाही. तो शब्द मागे घ्या.'

दुसऱ्या दिवशी लाल पेन्सिलने माफी मागून शेरा काढला. वर सुचवलं, क्रमांक कपाटाचा असतो, संदर्भ छापील पानाचा द्यावा.

फिटरने तिचे बाकीचे लेख उघडले. एकेचाळीस. प्रत्येकाखाली कपाटाचा क्रमांक. आता त्याला तिचाच राग आला. एवढी शहाणी, आणि जगातली सगळी माणसं आपल्याच वाचनालयात येऊन उभी राहणार, अशी समजूत! रागाच्या भरात डोळे भरून आले, ते त्याने बाहीला पुसले आणि उठून ग्रंथपालबाईच्या टेबलाशी गेला.

"जुन्या क्रमांकांची वही काढा," तो म्हणाला. "आता मी सगळंच विचारणार आहे."