तिसऱ्या अंकातलं पडणं

दोरीवर वाळत घातलेली गुडघ्याची पट्टी. एकच. डाव्या पायाची.

भाजीच्या दुकानात एक बाई दुसरीला कोपरानं ढोसते. "अगं ती बघ. ती पडते ना, ती."

हाडांचे डॉक्टर एक्स-रे उजेडाकडे धरतात आणि सहज विचारतात, पूर्वी कधी पडला होतात का.

(ती पडते.)

एक माणूस हातात दोन कप घेऊन पॅसेजमधून येतो, जमिनीवर आडवी झालेली बायको ओलांडतो, आणि चहाचा थेंब सांडू देत नाही.

हे सगळं एकाच घरातलं. घर नटीचं. ओलांडणारा तिचा नवरा.

नाटकात ती आई होती. तिसऱ्या अंकाच्या शेवटी मुलगा परत येणार नाही असं तिला कळतं, आणि दार आणि टेबल यांच्या मधल्या जागेत ती कोसळून मरते. हात टेकत नाही, हुंदका नाही. उभी असते आणि मग नसते. डाव्या अंगावर पडायचं, म्हणजे चेहरा प्रेक्षकांकडे राहतो. डोळे उघडे. पडदा येईपर्यंत पापणी हलवायची नाही. पहिल्याच प्रयोगापासून लोक तेवढ्यासाठी यायला लागले. पहिले दोन अंक त्यांना फारसे आठवायचेही नाहीत.

सिनेमावाल्यांनी ते पाहिलं आणि तिला बोलावलं. कशाला, तर पडायला. नायकाची आई जिन्यावरून, नायिकेची मावशी कोर्टात, कुणाची तरी सासू बातमी ऐकून. तिथलं काम सोपं. कॅमेऱ्याच्या चौकटीतून खाली गेलं की झालं, खाली गादी असायची. एकदा पुढच्या शॉटचे दिवे लावून झाले तरी ती खालीच आहे हे कुणाच्या लक्षात आलं नाही.

"बरं वाटलं," घरी येऊन ती नवऱ्याला म्हणाली होती. "कुणी उठवेना."

(ती पडते.)

नवरा त्याच नाटकमंडळीत सामान मांडायचा. टेबल, खुर्ची, दार. अंधारात खडूच्या खुणेवर खुर्ची ठेवायची आणि दिवे यायच्या आत विंगेत. आता निवृत्त होता, पण घरातली खुर्चीसुद्धा कुणी सरकवलेली त्याला खपायची नाही. पॅसेजची रुंदी दार आणि टेबल यांच्या मधल्या जागेएवढीच, म्हणून ती तिथं सराव करायची. त्याला सवय झाली होती. जाता येता ओलांडायचा आणि चूक सांगायचा: मान उशिरा गेली, कोपर आधी लागलं. बरं झालं असेल तर काही बोलायचा नाही. तेच कौतुक.

मग नाटक पुन्हा करायचं निघालं. नव्या दिग्दर्शकाला सगळे मागून 'लवकर' म्हणत, कारण त्याचं प्रत्येक वाक्य त्याच शब्दानं सुरू व्हायचं. लवकर होकार द्या ताई, लवकर तारखा कळवा ताई. तिनं होकार दिला. जाहिरातही लागली. जाहिरातीत ती जमिनीवर.

डॉक्टरांनी सांगितलं होतं, या अंगावर आता आपटलात तर पुढे चालता येईल का, ते मी सांगू शकत नाही. घरी येऊन तिनं नवऱ्याला सांगितलं, वय झालंय म्हणाले.

तिला नाटक हवं होतं. पडणं नको होतं. ही दोन वेगळी करून कुणाला सांगायचं, ते तिला कधी जमलं नव्हतं. म्हणून तिनं गुपचूप कूस बदलून पाहिली. उजव्या अंगावर.

"तोंड भिंतीकडे गेलं," नवरा म्हणाला आणि ओलांडून गेला.

दुसऱ्या दिवशी पुन्हा. "आता तर पाठच दिसतेय. लोकांनी काय तुझा अंबाडा बघायचा?"

(ती पडते.)

ती सकाळ. ती न्हाणीघरातून येत होती, सराव वगैरे काही डोक्यात नव्हतं. ओला पाय सतरंजीच्या कडेवर पडला आणि कंबर दगडासारखी खाली गेली. डाव्या अंगावर. चेहरा बाहेर. डोळे उघडे.

नवरा दोन कप घेऊन आला. थांबला. तो थांबला म्हणून तिला वाटलं, कळलं याला.

"ही खरी," तो म्हणाला. "इतक्या वर्षांत पहिल्यांदा जमलं बघ तुला."

आणि ओलांडून गेला.

ती पडून राहिली. फरशीला एक चीर होती, ती कधीपासून आहे याचा विचार केला. हाक मारावी असं लगेच वाटलं नाही, कारण जन्मात पहिल्यांदा त्यानं जमलं म्हटलं होतं, आणि फरशीही तशी गार होती. आतून कप ठेवल्याचा आवाज आला, खुर्ची ओढल्याचा, वर्तमानपत्राचा. मग तो म्हणाला, उठ आता, चहा निवतोय.

"अहो," ती म्हणाली, "मला उठता येत नाहीये."

"पुरे आता. झाली तालीम."

"तालीम नाहीये."

वर्तमानपत्राचा आवाज थांबला.

हाड मोडलं नव्हतं. नशीब, असं डॉक्टर म्हणाले आणि त्यांनी आपलं आधीचं वाक्य नवऱ्यासमोर पुन्हा म्हटलं. घरी आल्यावर नवऱ्यानं पॅसेजमधली सतरंजी गुंडाळून कपाटावर टाकली, एवढंच.

'लवकर' फळं घेऊन आला. त्याच्याकडे तोडगा तयार होता: लवकर दिवे घालवू, तुमचे कपडे घातलेली एक मुलगी पडेल, तुम्ही अलगद तिच्या जागी येऊन झोपा. ती हसली. कंबर दुखली म्हणून हसणं अर्ध्यावर सोडलं.

"मी खुर्चीत बसून मरते," ती म्हणाली.

तो समजुतीच्या सुरात म्हणाला की ताई, लोक पैसे कशाला देतात ते तुम्हाला मी सांगायचं का. दुसरी बघावी लागेल मग. लवकर. ती उशीकडे बघत राहिली. नेहमीसारखं 'बरं' म्हणायला तोंड उघडलंही होतं.

"खुर्ची मी मांडतो," नवरा दारातून म्हणाला.

दिग्दर्शकांपुढे तो आयुष्यात कधी बोलला नव्हता. 'लवकर' दोघांकडे आळीपाळीनं बघत राहिला, मग म्हणाला, एक प्रयोग. एकच बघू.

प्रयोग दुपारचा. तिसऱ्या अंकाआधी अंधारात नवऱ्यानं खुर्ची मांडली, हातानं पाय चाचपले, पुन्हा चाचपले. मुलाची बातमी आली. ती मागं न बघता बसली. खुर्ची होती. तिनं पाठ टेकली, जशी दिवसभराच्या कामानंतर कुणीही टेकतं, आणि मग नुसतीच बसून राहिली. ती मेलीय हे लोकांना कळेना. कुणीतरी खोकलं. पडदा आला तेव्हा टाळ्या आल्या, पण चाचरत. बाहेर जिन्यावर एक जण चिडून विचारत होता, पडली का नाही ती?

'लवकर' आत आला आणि पुढची तारीख सांगून गेला.

ती मेकअपच्या आरशासमोर बसूनच होती. नवऱ्यानं चहा आणून ठेवला. आजच्याबद्दल तो काही बोलला नाही, आणि तिनंही विचारलं नाही.

नाटकाच्या लेखकानं मुळात आई खुर्चीतच मारली होती. पहिल्या प्रयोगाला खुर्ची खुणेपासून हातभर मागे मांडली गेली, न बघता बसायला गेलेली ती खाली गेली, आणि मांडणारा त्याच दिवशी कामाला लागला होता.