मारियामातेच्या टाचण्या

आमच्या गावात मारियामातेच्या मूर्तीला पोशाख चढवायचा असला, की सगळ्या पुरुषांना चर्चबाहेर काढतात. आत दोघंच राहतात, पोशाख करणारा आणि टाचण्या देणारी बाई. पोशाख करणारा मी, कासिमिरो. टाचण्या द्यायची माझी थोरली बहीण एन्कार्ना. मी नुसता हात मागे करायचो, टाचणी हातात यायची.

"तू कसला पुरुष! तू आतच थांब," म्हणून गाव हसायचं. मीही हसायचो. थट्टा होती तोवर ठीक होतं.

एकाहत्तर साली पोलिसांनी मला उचललं. हुकूमशाहीत आमच्यासारख्या पुरुषांसाठी खास कायदा होता. साहेबाने मला एक ओळ वाचून दाखवली, "माते, एलिसेओला माझ्यापासून तोडू नकोस." ही चिठ्ठी मी मातेच्या झग्याला आतल्या बाजूने टाचली होती आणि सांगितली होती फक्त एलिसेओला. झालं! आणखी कुणाचा संशय घ्यायचा?

दोन वर्षं तुरुंगात काढली. तिथलं सगळं मी नूरियाला सांगितलंय. आमच्यासारख्यांच्या साक्षी टेपवर घेत फिरणारी पोर आहे ती. पुन्हा सांगायचं बळ माझ्यात नाही. एलिसेओची पत्रं मी न फोडता फाडत गेलो. हुकूमशहा मेला, राजकीय कैदी सुटले, त्यांना हार पडले. आमच्या नावावरचा डाग तसाच राहिला. एलिसेओ दारात आला, तर मी त्याच्या तोंडावर थुंकलो. एन्कार्नाने दार लावून घेतलं. नव्वद साली तो गेला. मी मातीलाही गेलो नाही.

गेल्या मंगळवारी नूरियाने माझ्या फायलीची प्रत आणली.

"काका, तक्रार करणाऱ्याची सही आहे यात. बघायचीय?"

"दाखव. त्या हरामखोराचं अक्षर मी झोपेतही ओळखेन."

ओळखलंच. गोल, शाळकरी अक्षर. एन्कार्नाचं.

ती चिठ्ठी टाचायला टाचणी तिनेच दिली होती. इतकी वर्षं हे माझ्या डोक्यातही आलं नाही.

घरी गेलो तर म्हणाली, "किती उशीर? चण्याचं कालवण निवलं बघ." मी कागद ताटाशेजारी ठेवला. तिने चष्मा लावून सावकाश वाचला.

"फादर म्हणाले होते, दोन महिने ठेवतील, बरा करून पाठवतील."

"आणि मी एलिसेओवर थुंकलो, तेव्हा का नाही बोललीस?"

"तेव्हा तू घरात राहिलास ना," ती म्हणाली.

मला तिची घृणा आली. सत्तरीची म्हातारी, सख्खी बहीण, तरी आली.

शनिवारी पोशाख होता. एन्कार्ना डबी घेऊन आली. मी डबी काढून घेतली आणि तिला बाहेर पुरुषांत उभं केलं. लोक बघत राहिले, बघू देत. आत मी एकटाच. झग्याच्या आतल्या बाजूला नवी चिठ्ठी धरली. तिच्यावर लिहिलं होतं, 'एलिसेओ, चुकलो रे.' सवयीने माझा हात मागे गेला आणि तसाच रिकामा राहिला.