धाकट्याचा कॉम्प्युटर

दवाखान्यात नवं सॉफ्टवेअर आलं की ते आधी ताईच्या हातात जायचं. ती सहजासहजी कशावर विश्वास ठेवायची नाही. पाठीमागे सगळे तिला 'तपासनाका' म्हणत, आणि मनातून तिला ते आवडायचंही.

या वेळचं सॉफ्टवेअर तिच्या धाकट्या भावाचं होतं, हजारो रुग्णांना एकदम ईमेल पाठवणारं. भाऊ ध्यानीमनी नसताना गेला होता. आता भावजय ते दवाखान्याला विकू बघत होती. तिला दुसरा आधार नव्हता. ताईने हे नातं दवाखान्याच्या साहेबांना आधीच सांगून टाकलं. मग तर तुम्ही जास्तच कसून तपासाल, असं ते म्हणाले.

तिने वेगळ्या मशीनवर खोट्या नावांची यादी घातली. ढब्बू, चिंगी, टकलू. लहानपणी धाकट्याने बाहुल्यांना ठेवलेली नावं. ईमेल नीट गेले, पण सगळी यादी गुपचूप आणखी एका पत्त्यावर गेली. धाकट्याने रुग्णांची माहिती कुणाला विकायचा घाट घातला होता की काय? शोधता शोधता माग त्याच्याच घरी पोचला, आणि तिला स्वतःची लाज वाटली.

संध्याकाळी ती तिथे गेली. आतल्या खोलीत धाकट्याचा कॉम्प्युटर घरघरत होता, आणि पडद्यावर ढब्बू, चिंगी, टकलू येऊन बसले होते, खाली जुन्या याद्या आणि त्यांतल्या चुकांच्या नोंदी. गिऱ्हाइकाने तक्रार करण्याआधीच चूक सापडावी म्हणून हा पठ्ठ्या सगळ्यांच्या याद्या घरी मागवायचा. पहिल्यापासूनच आगाऊ. ताईला त्याला चांगलं झापायचं होतं, आणि झापायला तो नव्हता. तिला रडू आवरेना.

मग तिने भावजयीला समजावलं. सॉफ्टवेअरमधली ही चोरवाट ती बुजवून देईल, पण जुन्या गिऱ्हाइकांच्या याद्या अजून इथे येत होत्या. हा कॉम्प्युटर पुसून कायमचा बंद केल्याशिवाय तिला होकार देता येणार नव्हता.

भावजयीने कॉम्प्युटरकडे बघितलं. "तो गेल्यापासून मी याला हात लावला नाही, ताई. आवाज आला की वाटतं, आत काम करतोय."

"मी करू का बंद?"

"नको. मीच करते."

सगळं पुसून झाल्यावर तिने बटण दाबलं. घरघर थांबली.

"आता मला झोप कशी लागेल?" तिने विचारलं.

ताईने घरी फोन करून सांगितलं, की आज ती इथेच राहणार आहे.