पिकत आहे

एकोणीसशे चोपन्न साली मी जळगावच्या काळमापणी कचेरीत लागलो. त्या वर्षी खानदेशात वेळ फार ढिली झाली होती. साक्रीचा आठवडी बाजार एकदा भरायच्या आधीच उठला आणि लोक विकलेल्या कोंबड्या बगलेत मारून घरी गेले. धुळ्यात एका लग्नात बारसं आधी झालं, अक्षता नंतर पडल्या. जेवणावळ मात्र एकच झाली, त्यामुळे कोणी तक्रार केली नाही.

मोजायची पद्धत सोपी होती. घरात रावेरच्या हिरव्या केळीचा घड टांगायचा, देठाला लाखेचं सील. आठव्या दिवशी पिवळा झाला, तर त्या घरची वेळ स्थिर. हिरवाच राहिला, तर उंबऱ्यात खात्याची पोलादी खुंटी ठोकायची, म्हणजे तुंबलेली वेळ एकदम वाहून जाते. सीलबंद घडाचं एक केळं जरी तोडलं, तरी खुंटी ठोकल्यासारखंच होतं.

एरंडोलच्या पुढे एका गावात शालिग्रामनानांच्या घरी घड टांगून तीन वर्षं झाली होती. माझ्या आधीचे रुपचंदभाऊ दर महिन्याला जात आणि वहीत 'पिकत आहे' असा शेरा मारत. असे छत्तीस शेरे. निवृत्त होताना मला म्हणाले, "अभिमन, त्या घरी उंबऱ्याबाहेरूनच बघायचं. आत जाऊन टेकायचं नाही." मला वाटलं, स्वतःच्या गुडघ्यांमुळे म्हणत असतील.

मी आत जाऊन टेकलो.

घड आढ्याला होता, पोपटासारखा हिरवा. त्याच्यापलीकडे खाटेवर नानांची बायको, इंदिराबाई, भिंतीकडे तोंड करून पडलेली.

"साहेब," नाना हळूच म्हणाले, "डाक्टर बोलना व्हता, आठ दिन काढी. तेमातला पाचवा दिन चालू शे."

"कधीपासून?"

"तीन वरीसपासून."

मला तोवर कोणी साहेब म्हटलं नव्हतं. आमच्या घरी बैलालाही माझ्याआधी हाक मारतात. मी वही काढली आणि सदतिसावा शेरा लिहिला : पिकत आहे. नानांनी तो दोनदा वाचला. मग लगबगीनं उठले.

"बसा. चहा लई येस बहीणकडथून. आमना चुल्हावर दूध ठेवं, तर दिवाळीले उतू जास."

ते गेले. खाटेवरून आवाज आला.

"कोनता गावना पाव्हना?"

"जळगावचा, अक्का."

"तीन वरीसमा मना घरमा कोनी बसनं नई. तो रुपचंदभाऊ बाहेरथूनच पळी जाये." मग म्हणाल्या, "मना एक खोकला शे. पोळाले सुरू व्हयना. आजून पुरा व्हयना नई."

मी खात्याचं नियमपुस्तक चाळून पाहिलं, खोकल्यावर कलम नव्हतं.

"तुले काय देऊ?"

"काही नको, अक्का. नाना चहा आणतायत."

"ती नणंद मंजुळानी चहा. मना घरनं काय?"

आणि त्या उठल्या. खाटेपासून घडापर्यंत सात पावलं. त्या घरात सात पावलांना किती वेळ लागला, ते मला मोजता आलं नाही, आणि मोजणं हीच माझी नोकरी. हाक मारून थांबवायला भरपूर वेळ होता.

"अक्का, त्याला सील आहे."

"सीलले भूक लागनी का? तुले लागनी शे."

त्यांनी केळं पिळून तोडलं आणि माझ्या हातावर ठेवलं. आजारी बाईनं उठून हातावर काही ठेवलं तर नको म्हणायला मला कोणी शिकवलं नव्हतं. मी खाल्लं. पहिला घास तुरट होता, दुसरा गोड. तिसऱ्या घासाला साल काळी पडली होती.

"गोड शे का?"

"गोड आहे, अक्का."

त्या परत खाटेवर जाऊन पडल्या आणि खोकल्या. खोकला पुरा झाला. जमिनीवरचं ऊन तीनदा भिंतीवर चढलं आणि तीनदा उतरलं.

नाना कपावर बशी झाकून आले. आधी त्यांनी घडाकडे पाहिलं. सगळा पिवळा. कप न सांडता खाली ठेवून ते खाटेशी गेले. पांघरूण इंदिराबाईंच्या तोंडावर ओढून तिथेच उकिडवे बसले. मग माझ्याकडे न बघता म्हणाले,

"तिनीच दिधं?"

"हो."

"गोड व्हतं?"

"गोड होतं, नाना."

"मंग चहा लई ल्या. थंडा व्हई जाई."

त्या घरात तीन वर्षांत पहिल्यांदाच काहीतरी गार होत होतं. मी चहा प्यालो. शेरा खोडून 'पिकला' लिहायला वही उघडली, तर नानांनी तिच्यावर हात ठेवला.

"आज राहू द्या."

पुढच्या महिन्यात गेलो, तेव्हा उंबऱ्याबाहेरच उभा राहिलो. आढ्याला नुसती दोरी होती. खाली नाना बसले होते आणि चुलीवर दूध उतू चाललं होतं. मी वहीत 'पिकत आहे' लिहिलं आणि एरंडोलच्या रस्त्याला लागलो.