तळहाताची जागा

मी एक जुना दरवाजा आहे. म्हणजे मित्रांनो, जुना दिसणारा दरवाजा होतो. खरं तर माझा जन्म एका स्टुडिओत, प्लायवूड आणि पट्ट्या ठोकून झाला. सुताराने मला उभं केलं तेव्हा मी इतका कोरा करकरीत होतो की माझी मलाच लाज वाटली. माझ्यामागे घर नव्हतं. एक पंखा, वायरींची भेंडोळी आणि चहाची किटली होती. तरी टीव्हीवरच्या मालिकेमुळे घराघरांत लोक मला ओळखायचे. पण आज मी भयंकर संतापलेलो आहे, तेव्हा माझ्याकडून गोडगोड बोलण्याची अपेक्षा ठेवू नका.

मला वय दिलं ते बाईंनी. बाई म्हणजे आमच्या मालिकेच्या कला दिग्दर्शक. पडद्यावर दिसणारी प्रत्येक खोली आधी त्यांच्या डोक्यात उभी राहायची. दुसरा कोणी असता तर माझ्यावर सरसकट तपकिरी पाणी मारून मोकळा झाला असता. बाईंनी मालिकेतल्या घरची माणसं, म्हणजे नटमंडळी, एकेक करून बोलावली आणि म्हणाल्या, "हं, आता घरी आल्यासारखं दार उघडा." आईचं काम करणाऱ्या थोरल्या नटीने कडीच्या वर तळहात टेकून मला ढकललं. आजोबा झालेल्या नटाने हातांत पिशव्या आहेत असं समजून खाली लाथ घातली. बाईंनी खडूने तेवढ्याच जागा आखल्या आणि पॉलिशपेपर, चहाचं पाणी, मेण घेऊन तेवढ्याच झिजवल्या. आईच्या तळहाताची जागा तर अशी गुळगुळीत केली की सुतारसुद्धा येताजाता तिथे हात फिरवायचा.

पुढे मालिकेला देखण्या सेटसाठी बक्षीस मिळालं. ते घ्यायला दिग्दर्शक गेले. भाषणात त्यांनी स्वतःच्या शिंप्याचेसुद्धा आभार मानले, बाईंचं नाव तेवढं राहून गेलं. मी तेव्हाच करकरायला हवं होतं.

मग शेवटच्या भागाचं शूटिंग आलं. घर सोडून गेलेली आई परत येते, दारावर हात ठेवते आणि रडते, एवढाच प्रसंग. संवाद एकही नाही. सकाळी बाई पडदे आणायला बाजारात गेल्या आणि नेमके तेव्हाच निर्मातेसाहेब पाहुण्यांना सेट दाखवायला आले. एका पाहुण्याने नाक मुरडलं. "एवढी मोठी मालिका, आणि दार किती कळकट हो!"

झालं! साहेबांनी रंगाऱ्याला हाक मारली. तो बिचारा म्हणाला, "साहेब, बाईंना येऊ दे की."

"बाईंचं मी बघतो. तू मार रंग."

चॉकलेटी, चकचकीत, लगेच वाळणारा रंग! एवढ्या मेहनतीने आलेलं माझं वय चहा पिऊन होईपर्यंत गडप झालं. मला हात असते तर तो डबा मी साहेबांच्याच डोक्यावर ओतला असता.

दुपारी थोरल्या नटी कॅमेऱ्यासमोर आल्या. त्यांनी हात उचलला, कडीच्या वर टेकवला आणि तशाच थांबल्या.

"कट! ताई, काय झालं?" दिग्दर्शक म्हणाले.

"माझं दार कुठंय?"

"अहो, हेच की. कुठंही हात ठेवा, दार ते दार."

"मग रडूही कुठंही का?"

तेवढ्यात बाई पडद्यांचं गाठोडं घेऊन आल्या. मला पाहताच त्यांच्या हातातून गाठोडं गळून पडलं. साहेब उलट त्यांच्यावरच घसरले. "तुमचं काम, तुम्ही जागेवर नको? आता चिडू नका, तासाभरात जुनं करून द्या."

"तासाभरात दार मळकं होतं साहेब, जुनं होत नाही," बाई म्हणाल्या. "मळकंच हवं असेल तर सगळ्यांनी पाय पुसा त्याला."

त्या चालत्या झाल्या. थोरल्या नटीही त्यांच्या मागोमाग गेल्या. शेवटी दुसऱ्याच कोणाला आईचे कपडे चढवून तो प्रसंग पाठमोरा उरकला. घरी परतलेल्या आईचा चेहरा कोणाला दिसलाच नाही.

बाई पुन्हा त्या स्टुडिओत आल्या नाहीत. मी गोदामात भिंतीकडे तोंड करून उभा आहे आणि अजून चकाकतोय, याचीच मला चीड येते.

मित्रांनो, कोणी खपून केलेली गोष्ट तुम्हाला घाण वाटली, तर ब्रश उचलण्याआधी त्या माणसाला विचारा. तो जागेवर नसेल, तर येईपर्यंत थांबा. तेवढं थांबल्याने कोणाचंही शूटिंग बुडत नाही.