दादाची नोकरी

गाडी आष्टा ओलांडून पेठ नाक्याच्या रस्त्याला लागली तेव्हा भाऊसोमामा पुढच्या सीटवरून मागे वळले आणि मला म्हणाले, "राजू, तिथं कुणी इचारलं तर यशराज तुझ्याच हॉस्पिटलात स्टोअरला हाय."

मला वाटलं चेष्टा करताहेत. मामांना तशी सवय आहे. पण माझ्या शेजारी बसलेली आई खिडकीबाहेर बघायला लागली. गाडी चालवणाऱ्या दादाने, म्हणजे यशराजने, आरशातून एकदा माझ्याकडे पाहिलं आणि नजर परत रस्त्यावर नेली. म्हणजे मी सोडून सगळ्यांना हे माहीत होतं.

"कसल्या स्टोअरला?" मी विचारलं.

"औषधांच्या. असतंय का न्हाई तसलं कायतरी? मी आपलं फोनवर सांगून टाकलंय."

आम्ही कराडच्या पलीकडे एका गावात दादासाठी मुलगी बघायला निघालो होतो. आमच्या उसाला तोड आली होती म्हणून वडील, आबा, रानात थांबले होते. दादाला एकतिसावं लागलंय. चार एकर ऊस आणि त्याने स्वतः उभी केलेली उसाच्या रोपांची रोपवाटिका, एवढं तो बघतो. आतापर्यंत जिथे जिथे विषय निघाला तिथे तो एकाच प्रश्नावर थांबला: मुलगा नोकरीला कुठे आहे? हे आमच्या एकट्याच्या घरातलं नाही. गावात त्याच्या वयाची, शेती बघणारी बरीच मुलं बिनलग्नाची आहेत. त्यांच्या बहिणी मात्र बारावीनंतर एसटीने सांगलीला शिकायला गेल्या आणि पुढे गावात आल्या त्या फक्त माहेरपणाला.

मीही त्यांच्यातलीच, लग्न तेवढं व्हायचंय. एमएस्सी करून मिरजेच्या एका हॉस्पिटलच्या लॅबमध्ये बायोकेमिस्ट आहे. मी अकरावीत होते तेव्हा आबा फौजेत होते, आजोबा अंथरुणाला खिळले आणि रान बघायला कुणीतरी हवं झालं. दादा बीएस्सीच्या पहिल्या वर्षाला होता. त्याने कॉलेज सोडलं. त्याला कुणी सोड म्हणालं नव्हतं. सोडू नको असंही कुणी म्हणालं नव्हतं.

"मामा, मी असं सांगणार नाही."

"तुला सांगायला कोण लावतंय? इचारलं तर नुसतं व्हय म्हणायचं."

"मग माझं नाव कशाला घेतलं?"

"आगं, माझ्यावर कोण इश्वास ठेवतंय? मी खताचा दुकानदार. तू एवढी शिकलेली. तुझं नाव निघालं म्हणून तर त्यांनी या म्हटलं."

"लग्नानंतर कळेलच की त्यांना."

"कळू दे की. तवर पोरगी रुळती. घर हाय, ट्रॅक्टर हाय, माणसं चांगली हायत. काय कमी हाय?"

"कमी नाही तर मग खोटं का सांगायचं?"

मामा पुढे वळून बसले. उत्तर आईने दिलं, माझ्याकडे न बघता.

"तू दोन शेतकरी पोरं परत लावलीस. आमी एक शब्द बोललो का तुला?"

ते खरं होतं. पहिला तासगावकडचा होता, द्राक्षबागायतदार. दुसरा वाळव्याचा. दोघांनाही मी नाही म्हटलं होतं, कारण तिथून रोज मिरजेला येणं जमणार नव्हतं. कारण बरोबर होतं. पण आमच्या गाडीत त्या वेळी ते कुणाच्याही कामाचं नव्हतं.

"बास करा आता," दादा म्हणाला.

मुलीचे वडील सयाजीराव स्वतः शेतकरी निघाले. अंगणात ठिबकच्या नळ्यांची वेटोळी पडली होती, आणि त्यांच्या शर्टाच्या बाहीवर केळीच्या चिकाचे डाग होते. आपली सगळी हयात शेतीत घालवलेला माणूस मुलीसाठी नोकरदार शोधत होता. मला त्यात विसंगती दिसली नाही. शेतीबद्दल त्यांच्याइतकी माहिती कुणाला असणार?

पोहे झाले, चहा झाला. मुलगी, अंकिता, येऊन बसली, नाव-शिक्षण सांगून झालं. मग सयाजीराव दादाकडे वळले.

"स्टोअरला काम कसं असतंय? औषधं म्हंजे जबाबदारीचं."

दादा सावरून बसला. "काका, मी..."

"लय जबाबदारीचं," मामा म्हणाले. "एक गोळी हिकडची तिकडं चालत न्हाई."

"शिफ्ट असती का?"

"ते असं हाय की..." दादाने परत सुरुवात केली.

"शिफ्टा असत्यात," मामा म्हणाले. "आलटून पालटून."

तेवढ्यात अंकिताची आई मला म्हणाली, "ताई, तुमी आत चला. पोरीपोरी बोला जरा, हितं पुरुषमाणसांत काय बोलणार ती?" मी उठले. उठताना दादाकडे पाहिलं. तो माझ्याकडेच बघत होता, पण त्याला काय म्हणायचंय ते मला कळलं नाही.

आतल्या खोलीत अंकिता पलंगाच्या कडेला बसली आणि लगेच मुद्द्यावर आली. ती मायक्रोबायोलॉजी घेऊन बीएस्सी झाली होती. मिरजेत लॅब टेक्निशियनचा कोर्स करायचा होता.

"आणखी दोन स्थळं होती, ताई. एक पुण्याचंही होतं. मीच बाबांना म्हटलं, मिरजेचं बघू. त्यांना ड्यूटी दिवसाची असेल तर मला सकाळी कॉलेजला सोडता येईल का? रूम हॉस्पिटलजवळ मिळेल?"

प्रश्न तिने विचार करून काढले होते. प्रत्येकाच्या तळाशी दादाची ती नोकरी होती.

"दादा हॉस्पिटलमध्ये नाही," मी म्हणाले. "तो शेती करतो. गावातच राहतो."

"सगळे मिळून ठरवून आलात?"

"मला येताना गाडीत कळलं."

"तुम्ही हो म्हणाला असता तर बाबांनी पुढे काही विचारलंच नसतं."

"म्हणून तर सांगितलं."

तिने ओढणीचं टोक बोटाला गुंडाळलं, सोडलं. "राग येणार नसेल तर विचारू? तुम्ही केला असता शेतकरी?"

"नाही. दोघांना नाही म्हटलंय."

"का?"

"नोकरी सुटली असती. गावात लॅब नाही."

"मग माझं उत्तर वेगळं कसं असेल?"

"वेगळं असावं असं मी म्हणत नाही."

बाहेरून मामांच्या हसण्याचा आवाज आला. अंकिताने दाराकडे पाहिलं आणि आवाज खाली आणला. "माणूस म्हणून कसे आहेत?"

"चांगला आहे. पण हे त्याची बहीण सांगतेय, तेव्हा त्याला किती वजन द्यायचं ते तू ठरव." ती पहिल्यांदा हसली. मग मी तिला एक गोष्ट सांगितली. गेल्या वर्षी दादाची रोपं निम्म्याच्या वर उगवली नव्हती. त्याने एका वेळी एकच गोष्ट बदलून बघितली. आधी कोकोपीट, मग बेणं, मग पाणी. दोष पाण्यात निघाला. "त्याने कॉलेज सोडलं, पण ते डोक्यातून गेलेलं नाही."

अंकिताने ऐकून घेतलं. "घरात मी बघते काय सांगायचं ते. पत्रिकेचं कारण देते. त्यांचा अपमान नको."

निरोप नीट झाला. "कळवतो," सयाजीराव म्हणाले. आम्ही कराड मागे टाकून महामार्गाला लागलो आणि मामांचा फोन वाजला. ते बराच वेळ नुसतं "बरं, बरं" म्हणत राहिले.

"पत्रिका जुळत न्हाई म्हणत्यात," फोन ठेवून ते म्हणाले. मग कपाळाला आठ्या घालून बसले. "आरं, पण आपण पत्रिका कवा दिली त्यांना?"

दादाने गाडी सर्व्हिस रोडला घेतली आणि थांबवली.

"काय सांगितलंस तिला?" त्याने आरशातून विचारलं.

"खरं ते. ती मिरजेत राहून कोर्स करायचं ठरवत होती, दादा. तुझ्या नोकरीवर."

"झालं," मामा म्हणाले. "शिकवा आणखी पोरींना."

"मामा, तुमी गप बसा." दादा सीटवर अर्धा वळला. त्याचा आवाज चढला नव्हता. "सांगितलंस ते चुकीचं न्हाई. पण मी बाहेर बसलो होतो की. मला सांगू द्यायचं."

"तू बोलत नव्हतास."

"बोलणार होतो. मामा दोनदा मधी पडले. तिसऱ्यांदा बोलणार, तवर तू आत गेलीस." तो थांबला. "घरात काय बी असलं की राजूला इचारा. बँकेत राजू, दवाखान्यात राजू. बरोबर हाय, तुला कळतंय. पण मी शेती करतो, एवढं सांगायला बी तूच लागतीस का?"

माझ्याकडे उत्तर होतं. तिने सरळ विचारलं होतं आणि मी सरळ सांगितलं होतं. पण ते उत्तर त्याच्या प्रश्नाचं नव्हतं. आईने माझ्या मांडीवर हात ठेवला आणि परत काढून घेतला.

दादाने मामांचा फोन मागितला आणि तो घेऊन खाली उतरला. उसाने भरलेली ट्रॉली खडखडत गेली, ती जाईपर्यंत तो थांबला. माझ्या बाजूची काच खाली होती.

"काका, यशराज बोलतोय. मगाशी आलो होतो... न्हाई, मामा न्हाईत, मीच. मी हॉस्पिटलात नोकरीला न्हाई. कवाच नव्हतो. चार एकर ऊस हाय आन रोपवाटिका हाय. बीएस्सीचं एक वर्ष करून सोडली... व्हय. तुमच्या तोंडावर सांगायला पायजे होतं, ऱ्हायलं." मग बराच वेळ तो ऐकत होता. "व्हय, ते कळलं मला. त्यासाठी न्हाई केला फोन... न्हाई, तसं कसं. तुमच्या पोरीचं बरोबरच हाय."

पुढे तो गाडीपासून लांब चालत गेला आणि मला ऐकू आलं नाही.

परत येऊन त्याने मामांना फोन दिला, पट्टा लावला.

"काय म्हणले?" आईने विचारलं.

"पोरगी द्यायची न्हाई म्हणले."

"ते माहीतच हाय. एवढा वेळ काय बोलत होतास मग?"

"रोपं कुठल्या जातीची हायत ते इचारत होते. त्यांना दीड एकरात लावायची हायत."

मामांनी त्याच्याकडे वळून पाहिलं. "आन तू काय म्हणलास?"

"पुढच्या महिन्यात देतो म्हणलं," दादा म्हणाला आणि त्याने गाडी रस्त्यावर घेतली.