उलट्या माणसांचा तेजोलोक

एकोणीसशे त्र्याहत्तरच्या एप्रिलात हंबीररावांच्या द्राक्षबागेतल्या दगडी गोदामापुढं सकाळपासून रांग लागायची. तासगावची माणसं होतीच, पण शिराळ्याहून, कराडहूनही एसटीनं लोक यायचे. आत तेजोनाथ महाराज तेजोलोक दाखवत. मेलेली, हरवलेली माणसं जिथं राहतात, तो लोक.

मीही एकदा गेलो. माझं नाव दिलावर, तासगावात माझा फोटो स्टुडिओ आहे. दार बंद झालं तसा मिट्ट अंधार. महाराजांनी सगळ्यांना मागच्या भिंतीकडं पाठ करून बसवलं आणि डोळे मिटून जप करायला लावला.

"मागं वळून पाहील त्याची दृष्टी जाईल," महाराज म्हणाले. "आता उघडा नेत्र. आपण पायांवर चालतो, ते जीव मस्तकावर चालतात. आपलं आकाश वर, त्यांचं खाली. उलटा तोच सुलटा, बाळांनो."

समोर टांगलेल्या पांढऱ्या धोतरावर खरोखर एक जग उजळलं होतं. झाडं खाली डोकं करून लोंबत होती. खाली निळं आकाश होतं. आणि खाकी कपड्यातला हातभर उंचीचा एक माणूस वर पाय करून चालत गेला. चेहरा अंधुक, कुणाचाच म्हणून ओळखू येईना.

"सयाजी," माझ्या पुढं बसलेली बनुबाई म्हणाली.

तिचा सयाजी एकाहत्तरच्या लढाईत बेपत्ता झाला होता. ना प्रेत आलं, ना पत्र. सून लीलाबाईनं कुंकू लावावं की पुसावं, हेही कुणी सांगितलं नव्हतं.

मला मात्र त्या धोतरावर देव दिसला नाही. हे दर्शन फक्त भर दुपारी, तेही ऊन असेल तरच का होतं? गोदामाच्या मागं पाऊल टाकायला बंदी का? उत्तर मला ठाऊक होतं, कारण असलं उलटं जग मी रोज बघत होतो. तरी मी गप्प बसलो. गाव महाराजांच्या बाजूचं आणि माझं नाव दिलावर. उद्या कुणी म्हणालं असतं, याला आमच्या देवाचं वावडं.

दहा दिवसांनी लीलाबाई सासूला धरून स्टुडिओत आली. बनुबाईचे गाल आत गेले होते.

"आत्यांचा फोटो काढायचा हाय," लीलाबाई म्हणाली. "तीन दिस झालं, घोटभर पाण्यावर हायती. महाराज म्हनलं, अन्न सोडलं की देह हलका हुतोय आन् जीव तेजोलोकात जातोय. हिरीजवळचं रान मठाला लिहून दिलंया."

"सयाजी वाट बघतोय," बनुबाई म्हणाली.

मी तिला खुर्चीवर बसवलं, लाकडी कॅमेऱ्यामागं गेलो आणि काळ्या फडक्यात डोकं घातलं. बाहेर आलो तर लीलाबाई शेजारी उभी.

"रोज डोकं घालून काय बघता, दिलावरभाऊ?"

मी फडकं तिच्यापुढं धरलं. ती आत वाकली. कॅमेऱ्याच्या मागच्या दुधी काचेवर तिची सासू खाली डोकं, वर पाय अशी बसली होती.

बाहेर आल्यावर ती हलक्या आवाजात म्हणाली, "आत्या हितं बसल्यात, आन् तेजोलोकातबी बसल्यात."

"व्हय."

"तुमाला ठाव व्हतं?"

"व्हय."

तिनं माझ्याकडं पाहिलं. मग गोदामाच्या मागं काय असेल, तेवढं विचारून घेतलं. तिनं शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी बनुबाईजवळ गोदामात बसलो. जप झाला, जग उजळलं, खाकी जीव डोक्यावर चालू लागला. तेवढ्यात धोतराच्या कडेनं हिरव्या लुगड्यातली एक बाई आली, तीही उलटी. तिनं त्या जवानाचं मनगट धरलं. तो झटापट करू लागला.

"ही मायेची सावली," महाराज घाईनं म्हणाले. "नेत्र मिटा."

"माया कशाची," बनुबाई म्हणाली. "त्ये लुगडं मी घेतलंया. आमची लीला हाय ती."

मागच्या भिंतीतून आवाज आला. "आत्या, भितीला बोराएवढं भोक हाय. मी हात ठिवते. काय दिसतंय सांगा."

तेजोलोक विझला.

"आता काढते."

पुन्हा झाडं, आकाश, बाई. तिनं तीनदा झाकलं, तीनदा उघडलं. मग मीच उठून दार सताड उघडलं. उजेडात धोतर नुसतं धोतर राहिलं.

आमच्यातच बसलेल्या हंबीररावांनी मागं वळून भोकात बोट घातलं. "माझ्याच गोदामात, आन् मलाच ठाव न्हाई," एवढंच ते म्हणाले. लीलाबाईनं खाकीवाल्याला बाहीला धरून दारात आणलं. तो महाराजांचाच शिष्य निघाला. महाराज कलियुगाबद्दल काहीतरी बोलू लागले, पण ऐकायला कुणी बसलं नव्हतं. संध्याकाळच्या एसटीनं दोघं निघून गेले. हंबीररावांनी रानाचा कागद त्याआधीच काढून घेतला होता.

मी लोकांना समजावून सांगितलं. उजेड सरळ रेषेत जातो. बाहेरच्या माणसाच्या डोक्यावरून येणारा उजेड लहान भोकातून शिरला की खाली पडतो, पायाकडचा वर. म्हणून चित्र उलटं. जप कशाला, तर अंधाराला डोळे सरावेपर्यंत वेळ काढायला. चेहरे अंधुक, म्हणून ज्याला जो हवा तो दिसे. ज्याला शंका असेल त्यानं घरची खोली अंधारी करावी, खिडकीच्या फळीला भोक पाडावं आणि समोर पांढरं फडकं टांगावं. मंत्र म्हणायची गरज नाही.

ते ऐकायला बनुबाई थांबली नव्हती. ती उंबऱ्यावर बसली होती.

"मग माझा सयाजी कुठं हाय गं?"

"ठाव न्हाई, आत्या," लीलाबाई म्हणाली. "मलाबी न्हाई, कुणालाच न्हाई. पर त्या फडक्यावर न्हाई."

म्हातारी पुष्कळ रडली. दीड वर्षात ती रडलेली मी पाहिली नव्हती. मग सुनेच्या हातची पेज ती अर्धी वाटी प्यायली.

आता कुणी चमत्काराची गोष्ट घेऊन बनुबाईच्या दारात आलं, तर ती भांडत नाही, हसतही नाही. ऐकून घेते आणि म्हणते, "आवं, भितीच्या मागं कोन गेलतं का? आदी जाऊन बघा. मग मला सांगा."